जुना अर्थ

शब्दवाले एका इंग्रजी-मराठी शब्दकोशाच्या कार्यालयात उपसंपादक होते. शब्दवाले हे नाव गल्लीनं ठेवलेलं. कुणाच्या पोराचा अर्ज असो, कुणाच्या दुकानाची पाटी असो, इंग्रजीचं काही अडलं की माणसं त्यांच्या दारात यायची. शब्दवाले नुसता शब्द देऊन थांबत नसत. तो कुठून निघाला, वाटेत कुणाकुणाकडे मुक्कामाला राहिला, हेही सांगत. माणसं मान डोलवायची आणि हळूच घड्याळ बघायची.

कोशाचं काम एकोणीस वर्षं चाललं होतं आणि एवढ्या वर्षांत ते ओ या अक्षरापर्यंत पोचलं होतं. मुख्य संपादक तीन झाले. शब्दवाले होते तिथंच राहिले. निघालेल्या दोन खंडांवर त्यांचं नाव होतं, पण आतल्या पानावर, बारीक टायपात, छापखान्याच्या पत्त्याच्या जरा वर. ते खंड विकत घेतलेला माणूस त्यांना अजून भेटायचा होता.

म्हणून मोठ्या इस्पितळाचे अधीक्षक घरी यायला लागले, तेव्हा शब्दवाल्यांच्या अंगावर मूठभर मांस चढलं. कार्यालयातल्या एका भाषणानंतर ओळख झाली होती. अधीक्षक शनिवारी संध्याकाळी गल्लीच्या तोंडाशी गाडी लावून चालत यायचे, बाहेरच्या खोलीतल्या वेताच्या खुर्चीत बसायचे आणि खिशातून घडी केलेला कागद काढायचे. "सर, हे वाक्य जरा बघता?" वाक्य मुळात चांगलंच असायचं. शब्दवाले ते आणखी चांगलं करून द्यायचे. एवढा मोठा माणूस आपल्याला सर म्हणतो, हे ते जेवताना बायकोला दोनदा तरी ऐकवायचे.

एक गोष्ट मात्र त्यांनी अधीक्षकांना सांगितली नव्हती. त्यांची सख्खी धाकटी बहीण त्याच इस्पितळात नोकरीला होती. लग्नानंतर तिचं आडनाव बदललेलं, त्यामुळे आपणहून कळायचा प्रश्न नव्हता. "सांगून का नाही टाकत?" असं बायकोनं एकदा विचारलं, तेव्हा ते म्हणाले, "उगीच वशिला लावल्यासारखं दिसतं." हे खरं होतं, पण सगळं खरं नव्हतं. अधीक्षकांच्या लेखी ते विद्वान होते. हत्यारं वाफवायच्या खोलीतल्या सिस्टरचा भाऊ, ही ओळख त्यांना त्या खुर्चीसमोर नको होती.

त्या शनिवारी अधीक्षकांनी कागद काढला नाही.

"सर, आज वाक्य नाही. एक विशेषण हवंय."

"बोला ना."

"समजा, एक कर्मचारी आहे. कामाला चोख. वेळेवर येणारी, रजा न घेणारी. पण सांगितलं त्याच्या चार पावलं पुढे जाणारी. विचारलं नाही तरी सल्ला देणार, जिथं तिचं काम नाही तिथं जाऊन बघणार, आम्ही एखादी गोष्ट मिटवली की ही ती परत उकरणार. वार्षिक अहवालात लिहायचंय. शिवी वाटता कामा नये. दिसायला सभ्य हवा शब्द."

येणारी, जाणारी. शब्दवाल्यांच्या मनात काहीतरी चमकून गेलं. पण त्याच वेळी शब्द ओठावर आला होता, आणि ओठावर आलेला शब्द गिळणं त्यांना जन्मात जमलं नव्हतं. शिवाय तो ओमधला होता. त्याच महिन्यात त्यांच्या टेबलावर येऊन पडलेला.

"ऑफिशियस," ते म्हणाले.

"ऑफिशियल?"

"नाही, नाही. ऑफिशियस. आणि याची गंमत ऐका." शब्दवाले खुर्चीत पुढे सरकले. "मूळ लॅटिन. ऑफिशियम म्हणजे कर्तव्य, सेवा, कुणासाठी आपणहून केलेलं चांगलं काम. तेही फोडलं तर आत काम आणि करणं असे दोन शब्द निघतात. आपलं ऑफिस त्याच घरातलं. तर ऑफिशियसचा पहिला अर्थ काय? सेवातत्पर. दुसऱ्याच्या उपयोगी पडायला धावणारा. चांगल्या माणसाचं विशेषण होतं ते! पण आपणहून धावून येणाऱ्यांचा लोकांना कंटाळा आला असावा. बघता बघता शब्द फिरला. आज अर्थ एकच, नसत्या उठाठेवी करणारा. लुडबुड्या. जुना अर्थ मेला, आता आमच्या कोशापुरता उरलाय."

"म्हणजे ज्याला माहीत नाही, त्याला वाचून कौतुकच वाटेल?"

"वाटेल की. ऑफिसच्या कामात हुशार वगैरे, असं काहीतरी."

अधीक्षक बराच वेळ हसले. जाताना त्यांनी शब्दवाल्यांचा हात दोन्ही हातांत धरला.

बायको कपबशा उचलायला आली. "कुणाबद्दल विचारत होते हो?"

"ते मी कसं विचारणार? गोपनीय असतं ते."

"येणारी, जाणारी म्हणाले."

"इस्पितळात दोनशे बायका कामाला आहेत."

"चार पावलं पुढे जाणाऱ्या दोनशे नसतील," बायको म्हणाली आणि आत गेली.

*

धाकटी तेव्हा बावन्न वर्षांची होती, तरी घरात ती धाकटीच. इस्पितळात तिला वाफेच्या सिस्टर म्हणत. तळमजल्याच्या टोकाला एक लांबट खोली होती. शस्त्रक्रियेची हत्यारं, कापडं, हातमोजे, सगळं तिथं धुऊन, पुसून, कापडात बांधून मोठ्या पोलादी यंत्रात घालायचं आणि दाबाखालच्या वाफेवर जंतुविरहित करायचं. प्रत्येक गाठोड्यावर एक चिकटपट्टी लावलेली असे. वाफ पुरेशी तापली, पुरेसा वेळ लागली, तर पट्टीवरच्या रेघा काळ्या होत. कमी पडली तर तपकिरी राहत. दहा पावलांवरून बघणाऱ्याला दोन्ही सारख्याच दिसतील. धाकटीला तशा दिसत नसत. ती गाठोडं खिडकीपाशी नेऊन उजेडात धरायची, आणि रेघ तपकिरी असली की म्हणायची, "हे जाणार नाही."

मग वर शस्त्रक्रियेच्या खोलीतून फोन यायचे, डॉक्टर चिडायचे, पेशंट टेबलावर ताटकळायचा. धाकटी तेच गाठोडं सोडून, पुन्हा बांधून, पुन्हा यंत्रात घालायची. प्रत्येक खेपेची पट्टी ती एका जाड वहीत चिकटवायची आणि शेजारी तारीख, वेळ, दाब लिहायची.

एवढ्यावर ती थांबली असती तर कुणाचं काही बिघडलं नसतं. पण ती दुपारी जेवणाच्या सुट्टीत बाळंतिणींच्या वॉर्डात जायची आणि खाटेखाटेशी उभी राहून विचारायची, "टाके दुखतात का ग? ताप आला होता?" ते तिचं काम नव्हतं. वॉर्डच्या सिस्टरनं तिला दोनदा हटकलं. धाकटी म्हणाली, "हत्यार माझ्या खोलीतून गेलंय ना? मग बघायला नको?"

यंत्राच्या दाराची रबरी कड झिजली होती. वाफ कडेनं निसटायची. तिनं चार वेळा लिहून कळवलं. चौथ्यानंतर अधीक्षकांनी वर कळवलं की यंत्राची पूर्ण दुरुस्ती झाली आहे. झाली नव्हती, वरून नुसता रंग दिला होता. महिनाभरानं तपासणीला वरून दोघेजण आले, चकचकीत यंत्र बघून खूश झाले आणि निघाले. धाकटी त्यांच्या मागून व्हरांड्यात गेली. "साहेब, जरा ही वही बघता का?" कुणी विचारलं नव्हतं. तिनं दाखवली.

नंतर दार उघडून नवी कड बसवली गेली, आणि अधीक्षकांना कारणे दाखवा नोटीस आली. तिच्या उत्तरातली वाक्यंही त्यांनी शब्दवाल्यांकडूनच नीट करून घेतली होती, फक्त भानगड कसली आहे हे शब्दवाल्यांना तेव्हा सांगितलं गेलं नव्हतं.

*

शब्द देऊन दहा-बारा दिवस झाले असतील. रविवारी सकाळी धाकटी आली. चपला काढता काढताच पिशवीतून कागद बाहेर काढला.

"दादा, हे वाच. आमचा वार्षिक अहवाल. वाचून मान्य म्हणून सही करायची असते, नाहीतर पंधरा दिवसांत हरकत घ्यायची. पहिले दोन शब्द कळले मला. तिसरा नाही कळला. लेक म्हणाली मोबाइलवर बघते. म्हटलं, घरचा शब्दकोश असताना मोबाइल कशाला?"

शब्दवाल्यांनी चष्मा लावला. वाक्य इंग्रजीत होतं. कष्टाळू, वक्तशीर आणि कर्तव्य बजावताना ऑफिशियस. त्याखाली आणखी एक ओळ होती: यांना अधिक योग्य जबाबदारी देण्याचा विचार व्हावा.

त्यांनी कागदावरून नजर वर केली. स्वयंपाकघराच्या दारात बायको उभी होती, हात पिठाचे, नजर त्यांच्यावर.

"काय रे? वाईट आहे का काही?" धाकटीनं विचारलं.

आणि शब्दवाल्यांच्या तोंडून आपोआप सुरू झालं. "अग, मोठा जुना शब्द आहे हा. मूळ लॅटिन. ऑफिशियम म्हणजे कर्तव्य, सेवा. आपणहून केलेलं चांगलं काम. ऑफिशियस म्हणजे... सेवातत्पर. दुसऱ्याच्या उपयोगी पडायला धावणारी."

खोटं असं एक अक्षर ते बोलले नव्हते. फक्त शेवटची दोन वाक्यं त्यांनी गाळली.

धाकटीनं पदरानं डोळे टिपले. मग हसली. "एकोणतीस वर्षं झाली, दादा. ओरडा खाल्ला, टोमणे खाल्ले. मला वाटायचं, या माणसाला मी डोळ्यांसमोर नको असेन. त्या वहीपायी केवढं झालं. आणि बघ, मनात धरलं नाही त्यांनी. मीच कोत्या मनाची."

"तसं नाही..." शब्दवाले म्हणाले.

"पेन दे तुझं. इथंच करते सही."

"अग, घाई काय आहे? पंधरा दिवस आहेत."

"चांगल्याला कशाला पंधरा दिवस?" तिनं त्यांच्या टेबलावरचं पेन उचललं, कागद कोशाच्या कार्डांच्या खोक्यावर ठेवला आणि सावकाश, पूर्ण नाव लिहून सही केली. चहा घेतला, वहिनीच्या गुडघ्याची चौकशी केली, आणि गेली.

दार लागताच बायको म्हणाली, "उठा. गल्लीतच असेल अजून."

"आता सही झाली."

"कागद तिच्या पिशवीत आहे. फाडता येतो."

"कसं सांगू? हा शब्द कुणी दिला, असं विचारलं तर?"

"तर सांगा."

शब्दवाले चष्मा पुसत राहिले.  मग "तुमची बहीण आहे," एवढं म्हणून बायकोनं हात धुतले. तिलाही चार पावलं धावत जाता आलं असतं. तीही गेली नाही. नवरा उघडा पडेल, ही भीती तिलाही होतीच, आणि त्याबद्दल तिनं स्वतःला पुढे कधी माफ केलं नाही.

ते पंधरा दिवस शब्दवाले रोज सकाळी ठरवायचे आणि रोज संध्याकाळी पुढे ढकलायचे. कार्यालयात त्याच शब्दाचं कार्ड पुढ्यात होतं. त्यांनी लिहिलं: एक, जुना अर्थ, सेवातत्पर. दोन, नसती उठाठेव करणारा; लुडबुड्या; चोंबडा. मुख्य संपादकांनी चोंबडा खोडला. "अहो, कोश आहे, नळावरचं भांडण नाही." एरवी शब्दवाले तासभर वाद घालते. या वेळी त्यांनी कार्ड निमूटपणे परत घेतलं.

अठराव्या दिवशी धाकटीला आदेश मिळाला. वाफेच्या खोलीतून काढून तिची केसपेपरच्या खिडकीवर बदली झाली होती. अधिक योग्य जबाबदारी ती हीच.

तिला वाटलं, नजरचुकीनं झालं असेल. ती आदेश घेऊन वर शस्त्रक्रियेच्या खोलीशी गेली. तिथं दोन डॉक्टर आणि भूल देणाऱ्या बाई हात धूत होत्या. धाकटी म्हणाली, "काहीतरी घोळ झालाय बघा. साहेबांनी स्वतः माझ्या अहवालात लिहिलंय, मी ऑफिशियस आहे म्हणून."

एक डॉक्टर तोंडावरचा मास्क सावरत वळला, पण हसू मास्कच्या वर डोळ्यांत दिसलंच. दुसऱ्यानं नळ जोरात सोडला. भूल देणाऱ्या बाईंनी मात्र हात पुसले, तिला कोपऱ्यात नेलं आणि हळू आवाजात विचारलं, "सिस्टर, हे तुम्ही आणखी कुणाकुणाला सांगितलंय?"

तिनं सगळ्यांना सांगितलं होतं. धोब्यापासून लिफ्टवाल्यापर्यंत सगळ्यांना.

*

त्या संध्याकाळी ती भावाकडे आली, तेव्हा चपला काढल्या नाहीत. दारातच उभी राहिली.

"तुला माहीत होता खरा अर्थ?"

शब्दवाले उठून उभे राहिले. "मी सांगितला तोही अर्थ आहे. होता."

"कधी होता?"

"चारशे वर्षांपूर्वी."

"दादा, मी चारशे वर्षांपूर्वी कामाला लागले नाही."

 बायकोनं पुढे होऊन तिला हाताला धरून आत आणलं, खुर्चीत बसवलं, पाणी दिलं. धाकटीनं अर्धा पेला प्यायला आणि पेल्याकडेच बघत म्हणाली, "मला कळतंय रे. माझं तोंड बघून तुझ्यानं बोलवलं नाही. लहानपणी माझी बाहुली नाल्यात गेली, तेव्हाही तू म्हणाला होतास की ती मामाकडे गेलीय. स्वभाव आहे तुझा. पण या वेळी सांगायला हवं होतंस. मी सही केली ना."

ती त्यांना माफ करत होती, आणि ज्याबद्दल करत होती ते त्यांनी केलंच नव्हतं. शब्दवाल्यांना हे लख्ख कळत होतं. बायको त्यांच्याकडे बघत होती. आत्ता बोलले तर बोलले. त्यांनी घसा खाकरला.

"चुकलं माझं," ते म्हणाले.

बस्स, एवढंच. धाकटीनं मान हलवली. जणू विषय संपला.

"आता वरच्या समितीकडे अपील करायचंय. मुदत गेलीय, पण अर्थ समजला नव्हता असं लिहिलं तर ऐकून घेतील म्हणतात. तू लिहून दे. तुझ्यासारखं इंग्रजी तिथं कुणाचं नाही."

शब्दवाल्यांनी तीन दिवस घेऊन अपील लिहिलं. आयुष्यात त्यांनी इतकं चांगलं काही लिहिलं नव्हतं. वहीतल्या तारखा, परत फिरवलेली गाठोडी, बाळंतिणींची चौकशी, सगळं त्यात ठामपणे, एकही शब्द जास्त न वापरता आलं होतं. धाकटीनं ते वाचून घेतलं, प्रत्येक वाक्याचा अर्थ विचारला. या वेळी त्यांनी एकही वाक्य गाळलं नाही.

*

सुनावणी इस्पितळाच्याच दुसऱ्या मजल्यावर होती. शब्दवाले तिच्यासोबत गेले आणि बाहेर बाकावर बसले. आत समितीचे तिघे, अधीक्षक आणि धाकटी. दार अर्धवट लोटलेलं होतं, त्यामुळे आवाज येत होते.

अध्यक्ष म्हाताऱ्या बाई होत्या. त्यांनी अपील वाचलं आणि म्हणाल्या, "अर्ज उत्तम आहे. वहीही बघितली मी. साहेब, कामात एक चूक न काढता तुम्ही अशा बाईंना लुडबुड्या म्हणता? जरा आकसानं लिहिल्यासारखं वाटतं."

अधीक्षकांचा आवाज नेहमीसारखा मऊ होता. "मॅडम, आकस असता तर मी माझा शब्द वापरला असता. मी तज्ज्ञांना विचारलं. माणसाचं नाव न घेता, फक्त वागणं सांगितलं, आणि योग्य शब्द कोणता ते विचारलं. शब्दकोशाचे उपसंपादक आहेत. योगायोगानं ते बाईंचे सख्खे बंधू आहेत. बाहेर बसलेत. बोलावून खात्री करून घ्या."

शब्दवाले बाकावरून उठले. शिपायानं दार उघडून त्यांना आत बोलावलं.

धाकटी खुर्चीत ताठ बसली होती. तिनं त्यांच्याकडे बघितलं, आणि त्या नजरेत अजून विश्वास होता. दादा आता सांगेल, की हे खोटं आहे.

"हा शब्द तुम्ही सुचवलात?" अध्यक्षबाईंनी विचारलं.

"हो."

"तुमच्या घरी?"

"हो."

"कुणाबद्दल आहे, हे माहीत होतं?"

शब्दवाले म्हणाले, "मी विचारलं नाही."

"मी तो प्रश्न केला नाही. माहीत होतं का?"

 "शंका आली होती," ते म्हणाले.

समितीतल्या एकानं टेबलावर पेन ठेवलं. अध्यक्षबाई म्हणाल्या, "बरं. आजच्या वापरात या शब्दाचा अर्थ काय, तेवढं नोंदीसाठी सांगा."

"मूळ अर्थ सेवातत्पर असा..."

"आजचा विचारलाय."

एकोणीस वर्षं त्यांनी अर्थ लिहिण्याचंच काम केलं होतं. "नसत्या उठाठेवी करणारा," ते म्हणाले. "करणारी."

कारकुनानं ते लिहून घेतलं.

बदली कायम राहिली. वर्णन भावानंच केलंय म्हटल्यावर आकस कसा म्हणायचा, असं काहीसं निकालात होतं. तो निकाल हातात पडायच्या आधीच, सुनावणीच्याच दिवशी, जिन्याशी शब्दवाल्यांनी अधीक्षकांना गाठलं. "तुम्हाला ठाऊक होतं?"

"सर, तिच्या नोकरीच्या पहिल्या कागदावर, संकटकाळी कुणाला कळवायचं त्या रकान्यात, तुमचं नाव आहे. एकोणतीस वर्षं." अधीक्षक हसले नाहीत. "तुम्हीही कधी बोलला नाहीत की ती तुमची बहीण आहे. मला वाटलं, तुम्हाला आवडत नसावं."

धाकटी खाली व्हरांड्यात उभी होती. शब्दवाले जवळ गेले. काय बोलायचं ते त्यांनी ठरवलं नव्हतं, आणि तिनं बोलूही दिलं नाही.

"माझी पाळी आहे दोनपासून," ती म्हणाली. "तुम्ही घरी जा."

पन्नास वर्षांत तिनं त्यांना तुम्ही म्हटलं नव्हतं. रागात नाही, भांडणात नाही. त्यांना आधी वाटलं, मागे दुसरं कुणीतरी उभं आहे. ते वळूनसुद्धा बघायला लागले.

*

पुढे तिनं येणं तोडलं नाही. तोडलं असतं तर शब्दवाल्यांना काहीतरी करता आलं असतं, दारात जाऊन उभं राहता आलं असतं. ती वहिनीकडे यायची. आत स्वयंपाकघरात बसायची. शब्दवाल्यांना "बरे आहात ना?" असं विचारायची, शेजाऱ्याला विचारावं तसं.

आठ महिन्यांनी एका दुपारी ती अशीच आली. शब्दवाले बाहेरच्या खोलीत वर्तमानपत्र धरून बसले होते. आतलं बोलणं ऐकू येत होतं.

"वाफेच्या खोलीत नवी मुलगी आहे," धाकटी सांगत होती. "चांगली आहे. सांगितलं तेवढं करते. गेल्या महिन्यात खिडकीवर एक केसपेपर परत आला. बाळंतीण, टाके पिकले. दुसऱ्या दिवशी आणखी एक. माझ्या हातात कागद होता, वहिनी. पेन धरलं आणि मनात आलं, माझं काम नाव, वय, पत्ता लिहायचं. दिला शिक्का मारून. तिसऱ्या दिवशी तिसरी."

"मग?"

"पाचव्या दिवशी सांगायला गेले. यंत्र बंद केलं त्यांनी. तोवर सहा झाल्या होत्या. एकीची पिशवी काढावी लागली. तेवीस वर्षांची होती."

बायकोचा आवाज आला, "ताई, तुमची नाही चूक. तुम्ही कुठं होतात तिथं?"

"चार दिवस गप्प बसले मी. आधी चार मिनिटं बसले नसते." आत पेला खाली ठेवल्याचा आवाज आला. "चौकशी झाली. यंत्र जुनं होतं असं ठरलं. साहेब तर केव्हाच मोठ्या जागेवर गेलेत."

ती बाहेर आली तेव्हा शब्दवाल्यांनी वर्तमानपत्र खाली ठेवलं. ते काही न विचारता तिच्यासोबत निघाले. तिनं नको म्हटलं नाही. दोघं थांब्यापर्यंत चालत गेले. रस्त्यावर खोदकाम चाललं होतं, एके ठिकाणी फळीवरून जावं लागलं, तिथं त्यांनी हात पुढे केला. तिनं बघितलं नाही आणि स्वतःच पलीकडे गेली. थांब्यावर गर्दी नव्हती. बोलावंसं त्यांना फार वाटत होतं, पण जे काही सुचत होतं, ते शब्दच होते.

बस आली. धाकटी चढली, पुढची जागा रिकामी होती तिथं बसली आणि मांडीवर पिशवी घेतली.

घरी आल्यावर बायकोनं विचारलं, "काही बोलली?"

"बस लगेच मिळाली," शब्दवाले म्हणाले.